एक चतुर्थांश

न्यायाधिकरणाच्या खोलीत पंखा होता,
त्याच्याखाली बसायला जागा नव्हती.
वकील म्हणाले, वहिनी, आज हिशेब होईल.
काय नेसून यायचं असतं अशा दिवशी,
हे विचारायला कुणी नव्हतं.

पगार अठरा हजार. कंपनीने तसं पत्र दिलं.
लिफ्ट मेकॅनिक, घोडबंदर रोडवरचे बारा टॉवर.
पुढे वाढला असता म्हणून कोर्टाने धरले
आणखी चाळीस टक्के.
सहा वर्षं हे साहेबांच्या मागे लागले होते वाढीसाठी.
मिळाली.

वय छत्तीस.
सासूबाई मागच्या बाकावरून उठल्या.
पस्तीस! माझा मोरेश्वर भोगीला झाला,
तव्यावर भाकरी होती, तीळ लावलेली.
दाखल्यावर मात्र एक जून.
किन्हवलीच्या शाळेत तेव्हा पट भरत नव्हता,
गुरुजींनी पोराला सात महिने आधीच जन्माला घातलं
आणि पहिलीत बसवलं.
वकील हळूच म्हणाले, आजी, भोगीला पुरावा नसतो.

पस्तिसाला सोळाने गुणतात, छत्तिसाला पंधराने.
मधल्या एका वर्षाचे
दोन लाख सव्वीस हजार आठशे.
कोर्टनाक्यापासून लोकमान्यनगरपर्यंत रिक्षात
सासूबाई पुटपुटत होत्या,
गुरुजी तसा वाईट नव्हता,
गुरुजी तसा वाईट नव्हता.

विम्याच्या वकीलबाईंनी मागच्या तारखेला विचारलं होतं,
हेल्मेट होतं का.
होतं. पट्टाही लावलेला होता.
गायमुखच्या उतारावर डंपरला ब्रेक नव्हते,
ते त्यांनी विचारलं नाही, ते कागदात होतं.
माझ्याच वयाच्या असतील. कागदाकडे बघूनच बोलल्या.

मग वजाबाकी.
माणूस असता तर स्वतःवरही खर्च करताच ना?
मागे माणसं चार, म्हणून एक चतुर्थांश वजा.
महिन्याला सहा हजार तीनशे.
कुणी हरकत घेतली नाही.

रात्री स्वरालीच्या वहीच्या मागच्या पानावर मी मांडून पाहिलं.
दाढीची ब्लेडं. पंधरवड्याला केस.
मोबाइलचा रिचार्ज, तोही कामाचाच.
चहा. पण चहा हे एकटे कधी पीत नसत.
दिवाळीचा शर्ट मी आणायची, तो कुणाच्या खात्यावर घालू?
तंबाखू सोडून चार वर्षं झाली होती.
ओढूनताणून अकराशे चाळीस.
पुन्हा बेरीज केली. अकराशे चाळीसच.
मग उरलेले पाच हजार एकशे साठ
हा माणूस दर महिन्याला उधळत होता तरी कुठे?
हसूच आलं मला.
सासूबाईंनी कूस बदलली.

हत्यारांची पिशवी पोलिसांनी पंचनाम्यानंतर परत दिली होती,
मी ती माळ्यावर टाकलेली.
रविवारी काढली.
पाने, टेस्टर, ग्रीसचं फडकं,
आणि आतल्या कप्प्यात तलावपाळीच्या बोटीची तिकिटं.
तीन. तीन वेगळ्या तारखांची.
प्रत्येकावर, व्यक्ती एक.

आधी राग आला.
पोरं दर वेळी काठावर हट्ट धरायची
आणि हे म्हणायचे, पुढच्या वेळी.

नंतर वाटलं, दिवसभर त्या खोक्यांमधून
वर-खाली, वर-खाली करणारा माणूस,
आडवं जायला गेला असेल.
कुणाचंही बटण न दाबता.

तिकिटं वकिलांना दाखवली नाहीत.
वहीत लिहिली. बोट, तीन वेळा, एकशे ऐंशी.
अजून केवढं तरी भरायचं राहिलंय.
आणखी काय काय केलंत हो,
कुठे बसलात, आम्हाला न सांगता काय खाल्लंत,
उन्हात थंड काही घेतलंत का,
एखाद्या बुधवारी कामाला दांडी मारून
नुसतेच झोपलात का कुठल्या झाडाखाली?
सहा हजार तीनशे, दर महिन्याला.
कोर्टाचं खरं निघू दे.